आईचा डाव

३ जून

पोहोचले एकदाची. दोन बॅगा, पुस्तकांचं एक खोकं आणि कुकरची पिशवी. जिना चढताना त्या पिशवीचा बंद तुटला आणि कुकर गडगडत थेट तळमजल्यावर गेला. सगळ्या दारांतून माना बाहेर आल्या. नवी बाई आल्याची वर्दी अख्ख्या इमारतीला अशी आपोआप मिळाली. सासूबाई वरून म्हणाल्या, निदान शिट्टी तरी शोधून आण. ती पहिल्या मजल्यावरच्या चपलांत सापडली. सुरुवात झकास झाली म्हणायची.

अडतिसाव्या वर्षी पहिल्यांदा लग्न करणाऱ्या बाईला लोक तोंडावर धाडसी म्हणतात आणि पाठ वळली की वेडी. मला दोन्ही चालतं. नवरा पाणीपुरवठ्याच्या ऑफिसात नकाशे काढतो, हळू बोलतो, स्वतःचे शर्ट स्वतः इस्त्री करतो. त्याची पहिली बायको तीन वर्षांपूर्वी आजारपणात गेली. स्थळाच्या जाहिरातीत या लोकांनी लिहिलं होतं की कॉम्प्युटरचं काम येणारी असल्यास उत्तम. स्वयंपाकाचं नाव नाही, स्वभावाचं नाव नाही. मला बायको म्हणून नेताहेत की ऑपरेटर म्हणून, असं मी बहिणीला विचारलं होतं आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो होतो. अर्थात काम मला येतंच. इतकी वर्षं एका हॉस्पिटलच्या नोंदींच्या रोज संध्याकाळी प्रती काढून ठेवल्या. दुसरी प्रत तयार असल्याशिवाय मला चैन पडत नाही.

मुलगी नऊ वर्षांची आहे, तिला सगळे चिंगी म्हणतात. तिने मला चपलेचं माप विचारलं, कुठल्या हाताने लिहितेस ते विचारलं, चष्मा कायमचा आहे का तेही विचारलं. नवऱ्यापेक्षा हिनेच मुलाखत कडक घेतली. पास झाले की नाही ते कळवलेलं नाही.

६ जून

घर अंगवळणी पडतंय. न्हाणीघराची कडी जरा उचलून लावायची, स्वयंपाकघरातला मधला दिवा थोपटला की लागतो, आणि सासूबाईंच्या खुर्चीवर कुणी बसायचं नाही. नियम सोपे आहेत.

आज चिंगीने मला तिचा खजिना दाखवला. बिस्किटांच्या डब्यात रुमालात गुंडाळलेला एक निळा कन्सोल, हातात धरून खेळायचा, एक कोपरा चिकटपट्टीने बांधलेला. त्यात एकच कार्ड आहे. गेममध्ये एक बेट आहे. त्यावर प्रत्येक खेळणाऱ्याचं एक घर, एक बाग, एक होडी. मासे पकडायचे, झाडं लावायची, घर सजवायचं. जिंकणं नाही, हरणं नाही. कार्डात तिघांनाच जागा. बापाच्या घरासमोर गवत माजलं आहे, कारण त्याला धीर नाही. चिंगीच्या घरात नुसते बेडूक. सगळ्यात देखणं घर तिच्या आईचं, निळ्या छपराचं, दारात लिंबाची झाडं ओळीने लावलेली. शेवटचं वर्षभर ती अंथरुणावर पडून हाच गेम खेळायची म्हणे, सकाळपासून संध्याकाळपर्यंत.

खेळ थांबवताना आपल्या बाहुलीला नेऊन पलंगावर झोपवायचं. झोपवलं तरच खेळलेलं जतन होतं, नाहीतर सगळं वाया. म्हणून या घरात सेव्ह केलं असं कुणी म्हणत नाही, झोपवलं म्हणतात. चिंगी जेवायला आली नाही म्हणून हाक मारली, तर म्हणाली की आईला झोपवून येते. फार वाईट वाटलं पोरीसाठी.

१० जून

बेटावरच्या घरी कुणी फिरकलं नाही तर गवत माजतं, मग छप्पर गळतं, मग घरच जातं. म्हणून आईचा डावही कुणीतरी रोज खेळायला हवा. आजवर कोण खेळत होतं असं मी विचारलं. चिंगी म्हणाली, कुणी कुणी. आता मी खेळायचं असं तिने ठरवून टाकलं आहे. आतून सासूबाईही म्हणाल्या की खेळ गं, तेवढंच पोरीला बरं वाटेल.

खेळले. लिंबं तोडली, एक भला मोठा मासा पकडला. चिंगी माझ्या दंडाला टेकून हुकूम सोडत होती. तिने असं टेकावं म्हणून मी अख्खं बेट नांगरून दिलं असतं. शेवटी आईला झोपवलं आणि दोघी पाव-अंडी खायला बसलो. इतका आनंद मला लग्नाच्या दिवशीही झाला नव्हता.

१५ जून

तीन दिवस रडारड चालली आहे. कार्डाच्या पोटात बटणाएवढी बॅटरी असते, तिच्या जोरावर सगळं जतन राहतं. ती आता मरायला टेकली आहे. बेटावरचं घड्याळ आपोआप मागे जातं, परवाचा मासाही गायब. बॅटरी संपली की तिन्ही घरं पुसली जाणार. नवी बसवायची तर जुनी काढावी लागते, आणि काढली की तेव्हाही पुसली जाणार. म्हणजे आधी सगळं दुसरीकडे उतरवून घ्यायचं, बॅटरी बदलायची, मग पुन्हा कार्डात भरायचं. हे तर माझं रोजचं काम. मी कंबर कसली.

कार्ड वाचणारी डबी मागवली होती, ती आज आली. तीनदा प्रत काढली आणि तिन्ही एकमेकींशी ताडून पाहिल्या. अक्षराचाही फरक नाही. एक कॉम्प्युटरवर, एक पेनड्राइव्हवर, आणि एक पेनड्राइव्ह पिठाच्या डब्यात, कारण मी अशीच आहे. नवरा पूर्ण वेळ माझ्या मागे उभा होता. सगळं आलं का, काही राहिलं तर नाही ना, असं सारखं विचारत होता. पूर्ण आलं म्हटल्यावर तो मटकन पलंगावर बसला आणि तोंड पुसलं. किती जीव होता याचा तिच्यावर, असं मनात आलं. थोडा मत्सरही वाटला. तो दिसू नये म्हणून मी चहा टाकायला गेले.

१८ जून

चिंगीला घेऊन कोपऱ्यावरच्या दुरुस्तीवाल्याकडे गेले. पंखे, मिक्सर, मोबाइल, सगळं करतो, आणि करताना गिऱ्हाइकाला बोलत राहतो. त्याने कार्ड उघडलं, आत पाहिलं आणि म्हणाला की हे माझ्या हाताखालून गेलेलं आहे, हा डाग माझा. मागच्या उन्हाळ्यात एक बाई घेऊन आल्या होत्या. त्यांनीही हेच सांगितलं, मुलीच्या आईचा गेम आहे, जपून करा. तेव्हा त्याच्याकडची डबी धड नव्हती. प्रत अर्धीच उतरली. बाई म्हणाल्या, आहे तेवढं दुसऱ्या कार्डात भरा, हे असंच राहू दे. म्हणून या कार्डातली जुनीच बॅटरी त्याने डाग देऊन पक्की केली होती.

मी म्हटलं मागचा उन्हाळा नसेल, त्याआधीचा असेल. तो म्हणाला, मागचाच, हे दुकान घेतल्यावरची गोष्ट आहे. बाई उंच होत्या, दारात वाकून आल्या, हसायच्या तर रस्त्यापलीकडे ऐकू जायचं. भिंतीवरच्या फोटोतली चिंगीची आई नवऱ्याच्या खांद्यालाही लागत नाही. आणि मागच्या उन्हाळ्यात ती होती कुठे.

नवी बॅटरी बसली. मी घरून आणलेली प्रत भरली. तिन्ही घरं शाबूत. चिंगीने माझ्या कमरेला मिठी मारली आणि घरी येईपर्यंत हात सोडला नाही. म्हणून तिला काही विचारलं नाही.

२१ जून

नवऱ्याला विचारलं. इस्त्री फिरवत म्हणाला की लांबच्या नात्यातली एक होती, राहायला आली होती थोडे दिवस. थोड्या वेळाने सासूबाईंना सहज विचारलं. त्या म्हणाल्या, शेजारीण होती, घर सोडून गेली. बाई एक, उत्तरं दोन. कुठेतरी पाणी मुरतंय.

माळ्यावर शोधाशोध केली. एका पिशवीत बायकी चपला मिळाल्या, माझ्या पायात होडीसारख्या. फोटोतल्या बाईच्याही नव्हेत. मी त्या होत्या तशा ठेवल्या आणि हात धुतले.

२५ जून

प्रत्येक डावापुढे किती वेळ खेळलं ते दिसतं. आईच्या डावाचा वेळ मी खेळते त्याच्या कितीतरी पटीने वाढतोय. नवरा ऑफिसात, चिंगी शाळेत. सासूबाईंना टीव्हीचा आवाज कमी करता येत नाही. मग खेळतंय कोण? कुणीतरी या घरात माझ्याशी खोटं बोलतंय, आणि आता मला वाटतं एक जण नव्हे.

आज सकाळी चिंगीच्या डब्यासाठी पाव कापला, कडा काढून, लहान लहान त्रिकोण. सासूबाईंनी ते पाहिलं आणि मुलाकडे पाहिलं. त्याने खाली पाहिलं. चिंगीचा डबा प्रथमच रिकामा परत आला. आमच्या माहेरी पाव तोडून खातात. कडा काढायचं मला कुणी शिकवलं ते आठवत नाही.

२९ जून

बिस्किटांचा डबा माझ्या ट्रंकेत ठेवला, कुलूप लावलं, किल्ली गळ्यात. संध्याकाळी चिंगीसमोर उघडला. कुलूप जसंच्या तसं. आईच्या घराला मागच्या बाजूला एक नवी खोली, त्यात पाळणा. वेळ आणखी वाढलेला.

नवऱ्यावर मी आवाज चढवला. दुसरी किल्ली कुणाकडे आहे म्हणून विचारलं. तो म्हणाला तू दमली आहेस. इतक्या मायेने म्हणाला की मला त्याची भीती वाटली. याआधी कधी वाटली नव्हती.

सकाळी शेजारच्या बाईंना चिंगीच्या हनुवटीवरच्या खुणेची गोष्ट सांगत होते. झोपाळ्यावरून पडली, टाके घालताना मी तिचं डोकं धरून बसले होते, डॉक्टरांनी तिला पट्टीचा ससा करून दिला. बाई हो हो म्हणत राहिल्या आणि मग त्यांनी आपलं दार लोटून घेतलं. तेव्हा माझ्या लक्षात आलं. मी तेव्हा या गावातही नव्हते. ही गोष्ट मला कुणीच सांगितलेली नाही.

२ जुलै

सासूबाई वाटाणे सोलत होत्या. सरळ विचारलं, माझी ट्रंक कोण उघडतं.

त्यांना खरंच नवल वाटलं. म्हणाल्या, तूच की. ही दोघं गेली की तू डबा काढतेस आणि खिडकीत जाऊन बसतेस, शाळा सुटायच्या वेळेपर्यंत. हाक मारली तर ओ देत नाहीस. मला वाटलं तुला माहीत आहे.

दुपारी मी काय करते ते मला पक्कं आठवतं. कपडे धुते. बहिणीला पत्र लिहिते. न्हाणीघरात जाऊन पाहिलं. बादलीत कपडे भिजलेले होते. कधीचे कोण जाणे, आंबूस वास सुटला होता. पत्र एकही नाही. कोरे कागद —

३ जुलै

नवऱ्याने सांगितलं. पलंगाच्या कडेला बसून, नकाशा समजावून द्यावा तसं.

चिंगीची आई जाताना म्हणाली होती की मी स्वतःला सगळीच्या सगळी इथे उतरवून ठेवलं आहे, हे पुसू देऊ नका. त्याला वाटलं तापात बरळतेय. मग चिंगीने हट्ट धरला. तो खेळला, काही झालं नाही. सासूबाईंना जमेना. मग त्याने दुसरं लग्न केलं. ती उंच बाई. ती आईचा डाव खेळली आणि चिंगीची आई तिच्यात उतरायला लागली. पण कार्ड बिघडायला लागलं, दुसऱ्या कार्डात प्रत अर्धीच निघाली, तीच ती बाई खेळत राहिली आणि आई अर्धीच उतरली. जेवताना रडायची, माझं मूल कुठे म्हणायची, आणि समोर बसलेली चिंगी तिला ओळखू यायची नाही. आता भावाकडे आहे. भावालाही ओळखत नाही.

म्हणून या वेळी पूर्ण प्रत काढणारी हवी होती. आणि मी काढली. तीनदा ताडून पाहिली.

तो माफी मागत होता. आणि रडता रडता म्हणाला की काल तू स्वयंपाकघरातून मला हाक मारलीस ती अगदी तिच्यासारखी. एवढं बोलताना त्याचा चेहरा आनंदी होता. हे मी त्याला कधीच माफ करणार नाही.

४ जुलै

बॅग भरली. कुणी अडवलं नाही. तेव्हाच ओळखायला हवं होतं.

बसमध्ये खिडकी मिळाली. बहिणीच्या गावाचं तिकीट काढलं. गाव मागे पडत होतं आणि मला सुटल्यासारखं वाटत होतं. मग एकदम आठवलं की आज शाळा अर्धीच आहे. कंडक्टरला ओरडून बस थांबवली —

शाळेच्या फाटकापाशी उभी होते. चिंगी आली, माझ्याकडे न बघताच दप्तर माझ्या हातात दिलं आणि मैत्रिणीशी बोलत पुढे चालू लागली. मी दप्तर घेतलं. बॅग बसमध्येच राहिली.

६ जुलै

पेनड्राइव्ह वरवंट्याने फोडले, दोन्ही. कॉम्प्युटरवरची प्रत पुसली. आता फक्त कार्ड.

आईचा डाव निवडला. कायमचं पुसायचं का? हो वर अंगठा ठेवला.

एक बटण. एवढंच. मी वाचते. पण चिंगीची आई दुसऱ्यांदा जाते, आणि या वेळी माझ्या हाताने. तिच्या वेण्या कोण — सर्दी झाली की तिला उशाशी माणूस लागतं, दोन वर्षांची होती तेव्हापासून —

नाही दाबता आलं.

नाही दाबता आलं हे कुणाला. मला की तिला. मी खूप विचार केला. कळत नाही.

७ जुलै

चष्म्याशिवाय लिहितेय. लागत नाही आता.

हॉस्पिटलमध्ये माझ्या शेजारी कोण बसायचं? रोज बसायचं कुणीतरी. डबा वाटून खायचो. बाई की पुरुष —

बहिणीचा फोन आला. छान बोलली. कुणाची तरी बहीण आहे.

९ जुलै

सुचलं. उशिरा का होईना सुचलं.

तिला जतन होता येतं तर मलाही येईल. दुरुस्तीवाल्याकडून नवं कार्ड आणलं, कोरं. आपलं स्वतःचं बेट. आपलं घर. आठवतंय तोवर सगळं तिथे नेऊन ठेवायचं आणि झोपवायचं. मग कुणीतरी — बहीण — तिला कार्ड पाठवीन. ती खेळेल. मी तिच्यात उतरेन —

नको. तिच्यात नको.

मग कुणात.

१० जुलै

आधी इथे लिहून काढते. घराला हिरवं दार होतं. वडील सायकल टेकवून शीळ घालायचे. मी पहिली परीक्षा नापास झाले आणि दिवसभर गच्चीवर लपून बसले. चिंगी झाली तेव्हा पहाट होती आणि नर्सने —

खोडायला हवं. शेवटचं माझं नाही.

खोडवत नाही. किती छोटी होती.

११ जुलै

नवं कार्ड घातलं. कोरं बेट. चिंगी शेजारी आहे, गुडघ्याला गुडघा लावून. वही मांडीवर.

पहिलाच प्रश्न, नाव काय.

चौकट लुकलुकतेय. सगळी अक्षरं समोर आहेत. माझं नाव —

सोपं आहे. शाळेत रोज हजेरीला — लग्नाच्या कागदावर सही केली मी, गेल्याच —

चिंगी म्हणाली, राहू दे, मी टाकते. हातातून घेतलं आणि पटकन टाकलं. दोनच अक्षरं.

वाचलं.

बरोबर आहे की. उगीच एवढा वेळ शोधत होते.

ती विचारतेय, झोपवू का. म्हटलं थांब जरा, कुणाचं तरी काहीतरी लिहायचं राहिलंय, एक बाई होती, तिने मला — ती म्हणाली, नंतर लिही. डोळे मिटताहेत तिचे. दमलीय माझी पोरगी. हो म्हणते तिला आणि